सिलिंडर मोजू नका, क्रँक बघा

विचारलेल्या प्रश्नात खरं तर तीन प्रश्न आहेत. इंजिनाचे सिलिंडर एका ओळीत (इनलाइन), दोन तिरक्या रांगांत (व्ही) की समोरासमोर आडवे (बॉक्सर), यातलं बेस्ट लेआउट कुठलं, तीन सिलिंडरची गाडी थरथरते असं सगळे म्हणतात तर ती घ्यावी का, आणि हल्लीच्या पॅरलल ट्विन बाईकचा आवाज व्ही-ट्विनसारखा कसा काय येतो. बावीस वर्षं इंजिनं खोलतोय आणि जोडतोय त्यामुळे उत्तर लांबणार, ज्यांना फक्त गाडी घ्यायची आहे त्यांनी सरळ शेवटच्या भागावर जा, राग नाही.

बेस्ट कुठलं ते मी सांगणार नाही कारण ते इंजिनावर ठरतच नाही, बॉनेटखाली किंवा फ्रेममध्ये जागा किती यावर ठरतं. पण थरथर आणि आवाज या दोन्हीचं उत्तर एकाच ठिकाणी आहे आणि ते म्हणजे क्रँक, पिस्टनची वर-खाली हालचाल फिरण्यात बदलणारा शाफ्ट. लोक सिलिंडर मोजतात, ते सरळ ओळीत आहेत की व्ही मध्ये ते बघतात, कारण तेवढं बाहेरून दिसतं. मी विचारतो क्रँकपिन, म्हणजे पिस्टनचे रॉड क्रँकला जिथे अडकतात त्या पिना, किती आणि कुठल्या कोनात आहेत. ते कळलं की इंजिन चालू न करताही ते कसं वाजेल आणि कुठे हादरेल ते बरंचसं सांगता येतं.

माझ्या रॅकवर दोन जुने क्रँक कायम पडलेले असतात, एक साध्या इनलाइन फोरचा आणि एक मोठ्या अमेरिकन व्ही-एटचा. नवीन पोरगं कामाला आलं की मी त्याला दोन्ही क्रँक टोकाकडून बघायला लावतो, म्हणजे नाकासमोर धरल्यासारखं. फोरच्या क्रँकमध्ये सगळ्या पिना एकाच पातळीत दिसतात, दोन वर दोन खाली, जणू एक फळी. व्ही-एटच्या क्रँकमध्ये अधिकचं चिन्ह दिसतं, पिना चार दिशांना. याला क्रॉसप्लेन म्हणतात आणि फळीवाल्याला फ्लॅटप्लेन. हे दोन शब्द पुढे परत परत येणार आहेत.

आता हादरा येतो कुठून. पिस्टन वर जातो, थांबतो, खाली येतो, परत थांबतो. अर्ध्या-पाऊण किलोची वस्तू, म्हणजे पिस्टन, पिन आणि कनेक्टिंग रॉडचं (पिस्टन आणि क्रँक जोडणारा दांडा, कनरॉड) वरचं टोक धरून, मिनिटाला काही हजार वेळा थांबवायची आणि परत पळवायची, तर तिचा धक्का ब्लॉकला बसणारच. सिंगल सिलिंडरमध्ये तो धक्का खाणारं दुसरं कोणी नाही. क्रँकवर वजन लावून थोडा कमी करता येतो पण पूर्ण लावलं तर वर-खालीचा हादरा जाऊन तेवढाच पुढे-मागे सुरू होतो, म्हणून साधारण अर्ध्यावर तडजोड करतात. जुन्या कास्ट आयर्न बुलेटवर तासभर बसून हात बधिर झालेल्यांना हे वेगळं सांगायला नको. ७० बाय ९० मिमीचं ते ३४६ सीसीचं इंजिन, त्यात बॅलन्सर शाफ्ट, म्हणजे हादरा मारायला फिरणारा वजनाचा शाफ्ट, नव्हता. २०२० मध्ये रॉयल एन्फील्डच्याच मिटिऑरमधून आलेल्या नव्या ३४९ सीसी इंजिनात बॅलन्सर आहे आणि फरक हँडल धरल्यावर दहा सेकंदात कळतो. काही लोकांना त्यात जुनी मजा नाही वाटत, तो त्यांचा प्रश्न.

हा झाला प्रायमरी हादरा, क्रँकच्या एका फेरीला एकदा. दुसरा एक असतो, सेकंडरी, फेरीला दोनदा, आणि तो का येतो हे भल्या भल्या मिस्त्रींना माहीत नसतं कारण हिशोब कोणी करत नाही. करूया. समजा स्ट्रोक ८६ मिमी आहे आणि कनरॉड १४० मिमी. पिस्टन सगळ्यात वर आहे, आता क्रँक पाव फेरी म्हणजे ९० अंश फिरवा. पिस्टन किती खाली आला? सगळे म्हणतात निम्मा, ४३ मिमी. नाही. डायल गेज लावून बघा, जवळजवळ ५० मिमी आलेला असतो. कारण क्रँकपिन खाली तर येतेच पण बाजूलाही सरकते, रॉड तिरका होतो आणि तिरका रॉड उभ्या उंचीत आखूड पडतो. म्हणजे पहिल्या पाव फेरीत ५० आणि पुढच्या पाव फेरीत फक्त ३६. पिस्टन वरच्या भागात जोरात पळतो, खालच्या भागात निवांत.

हे इनलाइन फोरमध्ये घाला. दोन पिस्टन वर, दोन खाली, प्रायमरी एकमेकांना खाऊन टाकतात, छान. पण क्रँक ९० अंश फिरवला की चारही पिस्टन मध्यापेक्षा ७ मिमी खाली असतात! चौघांचा मिळून जो मध्य आहे तो ७ मिमी खाली जातो आणि परत वर येतो, एका फेरीत दोनदा. ६००० आरपीएमला सेकंदाला २०० वेळा. मोठ्या फोर सिलिंडरच्या गाडीत स्टिअरिंगला आणि सीटला जी बारीक झिणझिण जाणवते ना ती हीच. इंजिन छोटं असेल तर पिस्टन हलका, स्ट्रोक कमी, चालून जातं. दोन लिटरच्या वर गेलं की त्रास व्हायला लागतो.

यावरचा उपाय इंग्लंडच्या फ्रेडरिक लँचेस्टरने विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच काढून ठेवला होता, दोन शाफ्ट उलट दिशांना क्रँकच्या दुप्पट वेगाने फिरवायचे आणि त्यांच्यावर एका बाजूला वजन. पण बराच काळ तो पडून राहिला, मोठ्या प्रमाणावर वापर झाला तो १९७० च्या दशकात मित्सुबिशीने सायलेंट शाफ्ट नावाने आणल्यावर, आणि पोर्शला ९४४ साठी अडीच लिटरचं फोर करायचं होतं तेव्हा त्यांनी मित्सुबिशीकडून लायसन्स घेतलं. पोर्शनेही दुसऱ्याचं घेतलं म्हणजे बघा.

या शाफ्टवरून एक किस्सा आठवला. एक दोन लिटरची गाडी आली होती माझ्याकडे, दुसरीकडे टायमिंग बेल्ट बदलून झाल्यावर ३००० च्या वर सगळी गाडी झणझणायची. इंजिन ज्या रबरांवर टेकतं ती माउंटिंग दोनदा बदलून झाली होती, टायर बॅलन्सिंग झालं होतं, शेवटी क्लच उतरवायच्या गोष्टी चालल्या होत्या. मी कव्हर काढून बघितलं तर बेल्टच्या सगळ्या खुणा अगदी जुळलेल्या. आणि इथेच माणूस फसतो. त्या इंजिनात एक बॅलन्स शाफ्ट ऑइल पंपाच्या गिअरमधून फिरतो, त्यामुळे पुलीची खूण बरोबर जागेवर असूनही आतला शाफ्ट अर्धी फेरी चुकलेला असू शकतो. ब्लॉकच्या बाजूला एक बोल्ट असतो, तो काढायचा आणि भोकातून बारीक स्क्रू ड्रायव्हर आत घालायचा. ६० मिमी आत गेला तर शाफ्ट बरोबर, २०-२५ मिमीवरच अडला तर चुकलेला, मग पुली एक पूर्ण फेरी फिरवून परत बघायचं. या गाडीत तो २०-२५ वरच अडला. हादरा मारायला ठेवलेला शाफ्ट हादऱ्याला हातभार लावत होता, त्यापेक्षा शाफ्ट नसता तरी बरं झालं असतं. बेल्ट परत बसवला आणि गाडी गप्प. आधीच्या मिस्त्रीचंही फार चुकलं असं नाही म्हणणार, खुणा बघून काम करणारा कोणीही तिथे फसेल.

बरं, आता बाईक, कारण आवाजाचा प्रश्न तिथला आहे. पॅरलल ट्विन म्हणजे दोन सिलिंडर शेजारी शेजारी. बाहेरून सगळ्या सारख्याच दिसतात पण आत तीन वेगवेगळे प्राणी आहेत. जुन्या ब्रिटिश ट्विन, म्हणजे एडवर्ड टर्नरच्या १९३७ च्या ट्रायम्फ स्पीड ट्विनपासूनची सगळी परंपरा, यात दोन्ही पिस्टन बरोबर वर आणि बरोबर खाली. फायरिंग, म्हणजे सिलिंडरमधले स्फोट, अगदी समान, दर ३६० अंशाला एक. पण हादऱ्याच्या बाबतीत ते मोठं सिंगलच. मग जपान्यांनी बऱ्याच बाईकमध्ये १८० अंशाचा क्रँक आणला, एक वर तर एक खाली. प्रायमरी धक्का गेला, पण दोन पिस्टन एका रेषेत नसून शेजारी आहेत त्यामुळे इंजिन सी-सॉसारखं डावी-उजवीकडे डुलतं, आणि फायरिंग पडतं १८० मग ५४०, म्हणजे धप-धप आणि मग मोठी गॅप.

तिसरा २७० अंशाचा. १९९५ च्या यामाहा टीआरएक्स ८५० मध्ये आला, तेव्हा लोकांना वाटलं नुसती आवाजाची हौस आहे. हौस नाही. एक पिस्टन वर थांबलेला असताना दुसरा मध्ये पूर्ण वेगात असतो, दोघे कधीच एकदम थांबत नाहीत, आणि वरचा ७ मिमीचा हिशोब लावून बघा, एक मध्यापेक्षा खाली गेलेला असताना दुसरा टोकाला असतो, सेकंडरी धक्के एकमेकांना मारतात. उरलेल्यासाठी बॅलन्सर. फायरिंग येतं २७० आणि ४५०. आता ९० अंशाची व्ही-ट्विन घ्या, डुकाटीसारखी. तिच्यात दोन्ही रॉड एकाच पिनेवर पण सिलिंडर ९० अंशात. फायरिंग किती? २७० आणि ४५०. तेच! म्हणून आवाज सारखा. सायलेन्सरला सिलिंडर दिसत नाहीत, त्याला फक्त दोन स्फोटांमधलं अंतर कळतं. रॉयल एन्फील्डच्या ६५० ट्विन, बीएमडब्ल्यूची एफ ८५० जीएस, सगळे याच कारणाने २७० वर आले. बीएमडब्ल्यूची आधीची एफ ८०० तर ३६० अंशाची होती, आणि तिचा हादरा मारायला त्यांनी मधे एक तिसरा खोटा कनरॉड बसवला होता, पिस्टनच नाही त्याला, फक्त वजन. पहिल्यांदा खोललं तेव्हा मी दोन मिनिटं नुसता बघत बसलो होतो.

मग खरी व्ही-ट्विन करायचीच कशाला? ९० अंशाच्या व्ही-ट्विनला प्रायमरीसाठी बॅलन्सर लागत नाही, एका पिस्टनचं पूर्ण वजन क्रँकवर लावलं की तेच वजन ९० अंश फिरून दुसऱ्या पिस्टनलाही पुरतं. आणि इंजिन रुंदीला फक्त एका सिलिंडरएवढं, बाईक सडपातळ. तोटा म्हणजे लांबी. पुढचा सिलिंडर जवळजवळ आडवा, चाकाला टेकायला येतो, इंजिन मागे ढकलावं लागतं, मागच्या सिलिंडरची गरमी मांडीला, दोन हेड, चार कॅमशाफ्ट, दोन चेन. पॅरलल ट्विनमध्ये यातलं निम्मं. कंपनीला तोच आवाज निम्म्या भागांमध्ये मिळत असेल तर ती काय करणार. मोटो गुझीने १९६७ च्या व्ही-सेव्हनपासून इंजिन आडवं फिरवून दोन्ही सिलिंडर वाऱ्यात बाहेर काढले, गरमीचा प्रश्नच मिटवला, फक्त उभं असताना रेस दिली की गाडी एका बाजूला झुकते कारण क्रँक लांबीच्या दिशेने आहे. घाबरू नका, बिघाड नाही तो.

हार्लीची गोष्ट वेगळी. ४५ अंश, एकच पिन, आणि रॉड शेजारी शेजारी नाहीत तर एक काट्यासारखा दुभंगलेला आणि दुसरा त्याच्या पोटात. त्यामुळे दोन्ही सिलिंडर एकाच रेषेत. फायरिंग ३१५ आणि ४०५, तो लंगडा ठेका तिथून येतो. बॅलन्स म्हणाल तर वाईटच, आयडलवर आरसे नाचतात, पण तो ठेका लोकांना हवा आहे म्हणून कोन बदलला नाही, हल्लीच्या इंजिनात बॅलन्सर घातला. होंडाने याच्या उलट विचार केला. त्यांना ५२ अंशाची आटोपशीर व्ही हवी होती आणि हादराही नको होता, तर त्यांनी पिन दोन केल्या आणि एकमेकींपासून ७६ अंश फिरवल्या. ७६ कुठून आले? १८० मधून व्हीच्या कोनाची दुप्पट वजा करा, १८० वजा १०४. ९० ची व्ही असेल तर उत्तर शून्य, म्हणजे एकच पिन पुरते. इतका सरळ हिशोब आहे आणि त्याने ५२ ची व्ही प्रायमरी बॅलन्समध्ये ९० सारखी वागते.

बॉक्सरबद्दल फार लिहीत नाही. कार्ल बेंझने १८९० च्या दशकात केला, बीएमडब्ल्यूने १९२३ च्या आर-३२ मध्ये बाईकला लावला, सुबारू १९६६ पासून करतंय, पोर्श ९११ तर आहेच. समोरासमोरचे पिस्टन बरोबरच बाहेर जातात आणि बरोबरच आत येतात, प्रत्येकाला आपली वेगळी पिन, त्यामुळे दोन्ही प्रकारचे धक्के आपोआप कटतात. दोन पिना एका रेषेत बसत नाहीत म्हणून थोडं डुलणं राहतं एवढंच. एक गोंधळ मात्र सगळे करतात, सपाट इंजिन म्हणजे बॉक्सर असं नाही. दोन समोरचे पिस्टन एकाच पिनेवर असतील तर एक बाहेर जाताना दुसरा आत येतो, ती १८० अंश उघडलेली व्ही झाली. फेरारीच्या ५१२ बीबी मधला दुसरा बी चक्क बॉक्सरचा आणि इंजिन मात्र १८० अंशाचं व्ही-ट्वेल्व्ह. नावात काय लिहिलंय ते सोडा, पिना मोजा. आणि गुरुत्वमध्य खाली असतो हे खरं, पण एक्झॉस्ट खालून काढायचा असतो त्यामुळे इंजिन वाटतं तितकं खाली बसत नाही. प्लग बदलायला हात घातलेल्यांना बाकीचे तोटे पाठ आहेत.

सहा सिलिंडर. इनलाइन सिक्स म्हणजे दोन तीन-सिलिंडर इंजिनं पाठीला पाठ लावून ठेवलेली, एकाचं डुलणं दुसरं खातं, प्रायमरी नाही सेकंडरी नाही डुलणं नाही. बॅलन्सर नको, काही नको. बीएमडब्ल्यू १९३३ पासून करतंय. मग सगळ्यांनी ते सोडून व्ही-सिक्स का घेतलं? लांबी. गाड्या फ्रंट व्हील ड्राइव्ह झाल्या, इंजिन आडवं बसवायला लागलं आणि आडव्यात सहा सिलिंडरची ओळ गिअरबॉक्ससकट मावत नाही, आणि समोरून धडक बसली तर चेपायला मोकळी जागा हवी. लॅन्सियाने १९५० च्या ऑरेलियात पहिलं मोठ्या संख्येने विकलेलं व्ही-सिक्स दिलं, ६० अंशाचं, सहा वेगळ्या पिनांचं, नीट विचार करून केलेलं. व्ही-सिक्स वाईट नसतं पण ते तडजोडच असते, आणि ९० अंशाचं तर अजूनच, कारण ते बहुतेक वेळा व्ही-एटच्याच मशिनवर बनवता यावं म्हणून तसं केलेलं असतं. ब्यूइकचं १९६० च्या दशकातलं व्ही-सिक्स असंच, व्ही-एटमधून दोन सिलिंडर कमी केले आणि पिना सामायिक ठेवल्या, फायरिंग पडलं ९० आणि १५०, आयडलवर लंगडं. १९७७ मध्ये त्यांनी प्रत्येक पिन मधून कापल्यासारखी ३० अंश सरकवली आणि मग दर १२० ला समान फायरिंग मिळालं. मर्सिडीजचं १९९७ चं व्ही-सिक्सही ९० अंशाचं, बॅलन्स शाफ्ट लावून.

आणि तीच मर्सिडीज २०१७ मध्ये परत इनलाइन सिक्सवर आली. मला विचाराल तर या सगळ्या विषयातली सगळ्यात शिकण्यासारखी गोष्ट हीच आहे. इंजिनाचं गणित तेच होतं, आजूबाजूच्या गोष्टी बदलल्या. ४८ व्होल्टवर एसी आणि वॉटर पंप चालायला लागले, पुढचा बेल्टच गेला, इंजिन तेवढं आखूड झालं. टर्बो आणि कॅटॅलिस्ट सगळं एकाच गरम बाजूला लावता येतं, व्ही मध्ये ते दोन्हीकडे करावं लागतं. आणि एका सिलिंडरचं डिझाइन पक्कं केलं की तेच फोरला आणि सिक्सला वापरता येतं. फोक्सवॅगनने मधला रस्ता काढला होता, १९९१ चं व्हीआर-सिक्स, फक्त १५ अंशाची व्ही, दोन्ही रांगांवर एकच हेड, आडव्यात मावणारं. तसले दोन तुकडे परत व्ही मध्ये ठेवले की २००५ ची बुगाटी वेरॉन, १६ सिलिंडर. त्याबद्दल मला काही म्हणायचं नाही, मी खोललेलं नाही आणि खोलायची इच्छाही नाही.

व्ही-एटचा आवाज. परत त्या अधिकच्या चिन्हावर या. क्रॉसप्लेन व्ही-एट एकूण बघितलं तर दर ९० अंशाला समान फायर होतं, मग गुरगुर कुठून? एका बाजूची बँक, म्हणजे चार सिलिंडरची रांग, धरा आणि तेवढीच मोजा. २७०, १८०, ९०, १८०. लंगडत चालल्यासारखं, आणि प्रत्येक बँकेचा पाइप वेगळा असल्यामुळे ते लंगडणं कानापर्यंत पोचतं. फेरारी किंवा २०१५ ची मस्टँग जीटी ३५० फ्लॅटप्लेन आहेत, त्यांच्या बँका १८०-१८० समान फायर होतात म्हणून ती किंकाळी, आणि क्रँकवर मोठी वजनं नसल्यामुळे पटकन फिरतात. पण फ्लॅटप्लेन व्ही-एट म्हणजे दोन इनलाइन फोर जोडलेले, सेकंडरीचा हादरा सोबत येतोच, फक्त दिशा बदलून आडवा. कॅडिलॅकने १९१४ मध्ये व्ही-एट आणलं ते फ्लॅटप्लेनच होतं, १९२३ मध्ये हादऱ्याला वैतागून क्रॉसप्लेनवर गेले.

आता २००९ ची यामाहा आर-वन ऐका. इनलाइन फोर आहे पण आवाज फोरचा नाही. तिचा क्रँक क्रॉसप्लेन, फायरिंग २७०-१८०-९०-१८०. म्हणजे अक्षरशः व्ही-एटची एक बँक. पण तो आवाजासाठी नव्हता, मोटोजीपी या बाईक शर्यतीतून आला होता. साध्या फोरमध्ये चारही पिस्टन एकाच क्षणी थांबतात आणि एकाच क्षणी पळतात, थांबताना ते आपली शक्ती क्रँकला देतात आणि निघताना परत मागून घेतात, त्यामुळे क्रँक प्रत्येक फेरीत ढकलल्यासारखा पुढे-मागे होतो. चालवणाऱ्याला मागच्या टायरची पकड जाणवायची असते त्यात हा गोंधळ मिसळतो. क्रॉसप्लेनमध्ये दोन थांबलेले असताना दोन पळत असतात, देणंघेणं आपापसात मिटतं. बदल्यात इंजिन डुलतं म्हणून बॅलन्सर लावावा लागला.

आता तीन सिलिंडर, ज्यासाठी अर्धे लोक आलेत. क्रँक १२० अंशाचा, टोकाकडून बघितला तर तीन पाकळ्या. प्रायमरी आणि सेकंडरी दोन्ही धक्के पूर्ण कटतात, या बाबतीत इनलाइन फोरपेक्षा ट्रिपल वरचढ आहे, हे कोणाला पटत नाही पण खरं आहे. राहतं ते डुलणं, पहिला आणि तिसरा सिलिंडर टोकांना असल्यामुळे इंजिनाची दोन टोकं आळीपाळीने वर-खाली होतात. त्याला एक बॅलन्स शाफ्ट पुरतो, क्रँकच्याच वेगाने उलटा. फोर्डने २०१२ च्या एक लिटर इकोबूस्टमध्ये तोही लावला नाही, मुद्दाम फ्लायव्हील आणि पुढची पुली थोडी असंतुलित केली आणि हादरा अशा दिशेला वळवला की माउंटिंग तो गिळतील. हुशारी आहे, पण मग माउंटिंगवर सगळा भार आला.

मग आयडलला थरथर का? ही वेगळी गोष्ट आहे आणि इथे सगळे गल्लत करतात. पिस्टनचे धक्के आरपीएमच्या वर्गाने वाढतात, म्हणजे ८०० ला जेवढे असतात त्याच्या ५६ पट ६००० ला. आयडलला ते नगण्यच. आयडलला जे जाणवतं ते दोन स्फोटांमधलं अंतर. ८०० आरपीएमला तीन सिलिंडर सेकंदाला २० वेळा फायर होतो, चार सिलिंडर जवळजवळ २७ वेळा, सहा ४० वेळा. २० चा ठेका शरीराला जाणवतो, सीट आणि डॅशबोर्डही त्याच्या आसपास थरथरायला लागतात. म्हणून सिग्नलला थरथरणारी ट्रिपल पुढे हायवेवर मख्खन चालते, आणि सिग्नलला गप्प असलेला मोठा फोर हायवेवर झिणझिणतो. कंपन्यांनी तीन उगाच नाही घेतले, एक-सव्वा लिटरमध्ये चार केले तर एकेक सिलिंडर फार छोटा होतो, घर्षण वाढतं, गरमी भिंतीतून वाया जाते. टर्बोलाही तीन आवडतात, दर २४० अंशाला एक एक्झॉस्टचा ठोका, एकाचा धूर दुसऱ्याच्या वाटेत येत नाही.

त्यामुळे घ्या, पण चालवून बघताना नुसती हायवेला नेऊ नका. गाडी गरम होऊ द्या, एसी चालू करा, ऑटोमॅटिक असेल तर ब्रेक दाबून डी मध्ये उभी ठेवा. समान, संथ थरथर आली तर ती त्या इंजिनाची चाल आहे. ठेका मधेच चुकत असेल तर मिसफायर, आणि ट्रिपलमध्ये एक सिलिंडर गेला म्हणजे तिसरा हिस्सा गेला, लपत नाही. न्यूट्रलला ३००० वर धरा, झिणझिण नको. मग बॉनेट उघडा, कोणाला तरी गाडीत बसवून ब्रेक घट्ट धरून डी मधून आर मध्ये टाकायला सांगा आणि तुम्ही बाजूला उभं राहून इंजिन बघा, समोर नाही. ते थोडं कलणारच, पण धपकन उडून आपटल्यासारखा आवाज आला तर माउंटिंग गेलेलं आहे. ऑइल भरलेलं माउंटिंग असेल तर टॉर्च मारून खाली बघा, रबराच्या कडेने काळा ओला ओघळ दिसला की ते फुटलंय. वापरलेली ट्रिपल घेताना मी हे आधी बघतो, बाकीचं नंतर. आणि घेतल्यावर चौथ्या-पाचव्या गिअरला १२०० वर रेटत चालवू नका, तेव्हा जो घरघराट येतो तो गिअरबॉक्स आणि फ्लायव्हील सोसत असतात, खाली गिअर टाका.